तिकीट फाडणाऱ्याची मुलगी

माणूस गेल्यावर त्याच्याबद्दल चांगलं बोलावं अशी रीत आहे. पण ताई जिवंत आहे आणि माझ्या समोरच्या दारात राहते, तेव्हा मला जपूनच लिहायला हवं. एक शब्द इकडचा तिकडे झाला तर सकाळी दार वाजवून विचारेल, "मावशी, याला पुरावा काय?"

ताई एकाहत्तर वर्षांची आहे, मी चौऱ्याऐंशी. तिनं तीस वर्षं संध्याकाळच्या कॉलेजात इतिहास शिकवला. दिवसभर कामावर राबून आलेली माणसं बाकावर पेंगत असत आणि ती त्यांना त्यांच्याच आजोबा-पणजोबांची हकिगत सांगत असे. मी रंगभूमीवर होते. मोलकरणी केल्या, सासवा केल्या, एकदा राणीही झाले, पण ती पहिल्या अंकातच मरत होती. तेव्हा विद्वत्तेचा माझ्याशी संबंध नाही. ताईशी माझा संबंध चहाचा. रोज सकाळी मी तिच्याकडे जाते, तिच्या स्वयंपाकघरातल्या टेबलाच्या अर्ध्या भागावर आम्ही चहा पितो. उरलेल्या अर्ध्या भागावर तिची कार्डं असतात.

ही कार्डं म्हणजे परीक्षेच्या उरलेल्या कोऱ्या उत्तरपत्रिका कापून केलेले जाड तुकडे. एका कार्डावर एक माणूस. बुटांच्या खोक्यांमध्ये ती उभी लावलेली असतात आणि ती खोकी कपाटाखाली, कपाटावर, खिडकीत, एक तर न्हाणीघराच्या माळ्यावरसुद्धा आहे. मी एकदा सहज एक कार्ड उचललं होतं. "मोलकरीण, टेकडीवरचं घर. ये-जा मागच्या दारानं. कप वेगळा, खिळ्याला टांगलेला. साक्षी दोन." बस, एवढंच. ताई लिहिते ते असं. त्यात हाय नाही, उसासा नाही.

आमच्या गावात माणसं दोन प्रकारची होती, उजळ कातडीची आणि काळ्या कातडीची. कायद्याच्या पुस्तकात याबद्दल एक ओळ नव्हती. तरी दवाखान्यात दोन रांगा होत्या, तरणतलावाला दोन वेगळे दिवस होते, न्हाव्याकडे दोन आरसे होते. आणि उजळांतही बंगल्यातले उजळ निराळे, भाड्याच्या खोलीतले निराळे. हे सगळं ताईनं जिथून काढलं त्या वस्तू कुणी जपून ठेवत नाही. धोब्याच्या वह्या, शाळेचे सामूहिक फोटो, दवाखान्याच्या जेवणाच्या याद्या. तिचा एकच नियम होता. कागद असो की माणूस, साक्षी दोन हव्यात. एक साक्ष असेल तर ते कार्ड निळ्या खोक्यात पडून राहायचं. दहा दहा वर्षं पडून राहिलेली कार्डं आहेत तिथे. आम्ही नाटकवाले तिला पुरावाताई म्हणायचो, आणि ती ते ऐकून न ऐकल्यासारखं करायची.

तिचं पुस्तक आलं तेव्हा गाव आधी रागावलं. मग त्यातलं नाट्यगृहाचं प्रकरण कुणीतरी वाचलं आणि राग निवळला. कारण त्या प्रकरणात ताईनं लिहिलं होतं की साऱ्या गावात एक नाट्यगृहच असं होतं, जिथे माणसांची विभागणी नव्हती. सर्वसाधारण तिकिटाचा रंग एक, छपाई एक, आत जायचं दार एक. पुरावा म्हणून व्यवस्थापकाच्या घरी सापडलेला बिस्किटांचा डबा होता, त्यात दारावर फाडून घेतलेल्या तिकिटांचे अर्धे तुकडे होते, हजारांनी. "तिकीट एक, दार एक," हे तिचं वाक्य पुढे नगरपालिकेनं पितळी पाटीवर कोरून नाट्यगृहाच्या भिंतीवर लावलं. गावाला अभिमान वाटायला काहीतरी हवंच होतं, ते मिळालं.

आणि त्या एका दारावर तिकिटं फाडायला उभे असायचे ते ताईचे वडील.

मला ते चांगले आठवतात. बुटके, कडक इस्त्रीचा कोट, रंगानं ना धड इकडचे ना धड तिकडचे. तालमीला उशीर झाला की म्हणायचे, "राणीसरकार, आज सूर्य कुठून उगवला?" आणि दार अर्धं उघडून धरायचे. त्यांचा मोठा मुलगा म्हणजे ताईचा दादा. तो आत बॅटरी घेऊन अंधारात लोकांना जागेवर नेऊन बसवायचा. बावीस-तेवीस वर्षांचा होता, पट्टीचा देखणा, आमच्यातल्या दोघी-तिघी उगाच प्रेक्षागृहात काहीतरी विसरायच्या. आता तो शहात्तरचा आहे. बायको गेल्यावर अकरा वर्षं तो ताईकडेच राहिला. गुडघे गेलेत, एका कानानं कमी ऐकतो. त्याच्या पलंगासमोर भिंतीवर त्या पितळी पाटीचा फोटो आहे, चौकटीत. आल्यागेल्याला तो दाखवायचा. म्हणायचा, "आमच्या बाबांचं दार."

गेल्या वर्षी नाट्यगृहाला शंभर वर्षं होत होती. नगरपालिकेनं ताईच्या पुस्तकाची नवी आवृत्ती काढायचं ठरवलं आणि समारंभात तिचं भाषण ठेवलं. ताई जुनी कार्डं तपासायला बसली होती. मी चहाला गेले, तर दूध संपलेलं. तिनं दुधाच्या भुकटीचं पाकीट दिलं. मी ते फाडलं, नीट आडवं काही फाटलं नाही, कोपऱ्यातून तिरकं फाटत गेलं आणि भुकटी टेबलावर.

"घ्या, ही गेली वर," मी म्हणाले आणि हसले.

"वर म्हणजे?"

"अगं, तिरकं फाटलं ना. आमच्यात म्हणायचे तसं. रंगपटात कुणी नकोसा माणूस आला की आम्ही म्हणायचो, याला तिरकं फाडा. म्हणजे घालवा याला."

"असं का म्हणायचे?"

आणि मी सांगितलं. हसत हसत सांगितलं, त्याचंच मला वाईट वाटतं. सर्वसाधारण तिकिटाला खुर्चीचा नंबर नसायचा. दारावर तिचे वडील एकदा माणसाकडे बघायचे आणि तिकीट फाडायचे. आडवं फाडलं तर आतला बॅटरीवाला माणसाच्या हातातला तुकडा बघून त्याला खाली खुर्च्यांवर न्यायचा. तिरकं फाडलं तर जिन्यानं वर, खांबामागच्या सज्जात. एक शब्द बोलायला लागायचा नाही. म्हणून तर मालक खूश असायचा त्यांच्यावर. ज्याचा स्वतःचा रंग मधला, त्याची नजर बारीक, असं तो म्हणायचा.

बोलता बोलता माझ्या लक्षात आलं की ताई हलत नाहीये.

"तुला माहीत नव्हतं?" मी विचारलं.

"नाही."

"अगं, आम्हाला सगळ्यांना माहीत होतं. म्हणजे, आपल्याला काही माहीत आहे असं कधी वाटलंच नाही. पडदा कसा वर जातो ते माहीत असतं ना, तसं."

ती उठली, आतून तो बिस्किटांचा डबा घेऊन आली आणि टेबलावरची भुकटी कपड्यानं पुसून तिनं तुकडे ओतले. आडवे फाटलेले एका बाजूला, तिरके एका बाजूला. बराच वेळ ती नुसती वाटत बसली होती, पत्ते वाटावेत तशी. दोन ढीग झाले. चहा गार झाला.

"हे मी चार वेळा हाताळलेत," ती म्हणाली. "प्रत्येक तुकड्यावरची तारीख लिहून घेतली. छपाईची शाई पाहिली. फाटलंय कसं ते बघितलंच नाही."

"कोण बघतं गं?"

"बघायला हवं होतं. मी लहानपणी दाराशी उभी राहून बाबांना बघायची. ते कधी असं फाडायचे, कधी तसं. मला वाटायचं, तिकीट फाटतंच दोन्ही प्रकारे. दुसऱ्या कुणाची मुलगी असते तर विचारलं असतं."

तिचा आवाज वर्गात तारीख सांगावी तसा होता. मग तिनं एक कोरं कार्ड घेतलं, मी सांगितलेलं लिहिलं आणि माझ्यापुढे सरकवलं. "सही कर."

मी सही केली. साक्ष एक.

"दुसरी वर बसलेल्या कुणाची घे की," मी म्हणाले. "नदीपलीकडे अजून आहेत म्हाताऱ्या."

"घेणार आहे. पण वर बसणाऱ्याला आपण वर बसलो एवढं माहीत. फाडण्याचा अर्थ माहीत होता फाडणाऱ्याला, आतल्या बॅटरीवाल्यांना आणि तुम्हा नाटकवाल्यांना. तुमच्यातली तू एकटी उरलीस, बाकीचे दोन बॅटरीवाले वारले."

आम्ही दोघींनी आतल्या खोलीकडे पाहिलं. दादा रेडिओ लावून पडला होता.

ताईनं त्याला लगेच विचारलं नाही. तीन आठवडे गेले. छापखान्याचे फोन येत होते, ती "देते" म्हणत होती. त्या तीन आठवड्यांत मी तिला एकदाही चिडलेली किंवा रडवेली पाहिली नाही. ती भाजी चिरायची, दादाच्या गुडघ्याला तेल लावायची, औषधं काढून द्यायची. नुसतं तिच्याकडे बघून मला थकवा यायचा. मी एकदा म्हणालेही, "सोड ना ताई. वडील गेले, मालक गेला, नाटकं गेली. झाकली मूठ सव्वा लाखाची."

"मूठ माझी नाही," ती म्हणाली.

एका रविवारी सकाळी आम्ही तिघं टेबलाशी होतो. दादा उकडलेले बटाटे सोलत होता, हे काम त्याच्याकडे असायचं. ताई म्हणाली, "दादा, बाबा तिकिटं तिरकी का फाडायचे?"

दादा सोलत राहिला. मला वाटलं, ऐकू गेलं नसेल.

"ही बोलली वाटतं," तो माझ्याकडे न बघता म्हणाला. "बाईसाहेबांच्या तोंडात तीळ भिजत नाही."

"अरे, मला काय माहीत हिला माहीत नाही ते."

"हिला सगळंच माहीत असतं. पुस्तकं लिहिते." त्यानं साल बाजूला ठेवलं. "दारावरचा माणूस कसंही फाडतो. घाई असते. मागे रांग असते."

"तू वर किती जणांना न्यायचास?"

"ज्यांना खाली जागा नसायची त्यांना."

"खाली रिकाम्या खुर्च्या असायच्या. मी फोटोत पाहिल्यात."

"मग फोटोलाच विचार."

ताई थांबली. मला वाटलं, आता हा ताकाला जाऊन भांडं लपवणार आणि ही सोडून देणार. तिनं नवा बटाटा त्याच्यापुढे ठेवला.

"दादा, आई कधी नाटकाला का आली नाही?"

"डोकं दुखायचं तिचं."

"रोज?"

"त्या दिव्यांनी दुखायचं."

"दिवे तिनं कुठे पाहिले? ती आलीच नव्हती."

त्यांची आई मी दोनदाच पाहिली होती, मागच्या गल्लीत, वडिलांचा डबा घेऊन आलेली. काळी होती. मुलांपेक्षा बरीच काळी. डबा देऊन लगेच निघून जायची. आम्ही आत बोलवायचो, तर हसायची आणि मान हलवायची.

दादानं सुरी खाली ठेवली. हात कपड्याला पुसले, एकेक बोट.

"तिचं तिकीट कोणी फाडायचं, सांग," तो म्हणाला. "त्यांनी? आणि आत मी बॅटरी धरून उभा. मी काय करायचं, आईला जिना दाखवायचा?"

खाली रस्त्यावर भंगारवाल्याची गाडी खडखडत गेली.

"एकदा ती म्हणाली होती, येऊ का," दादा म्हणाला. "बाबा त्या दिवशी जेवले नाहीत. परत तिनं विचारलं नाही. डोक्याचं तिनंच काढलं मग, त्यांना बरं वाटावं म्हणून."

"हे लिहू का मी?" ताईनं विचारलं.

"तू लिहिणारच."

"नाही. तू नको म्हणालास तर निळ्या खोक्यात राहील. नियम आहे."

"आणि पुस्तकात?"

"पुस्तकातून ते प्रकरणच काढून टाकेन. खोटं आहे हे माहीत असताना तसंच छापता येणार नाही."

"म्हणजे पाटी जाणार."

"पाटी त्यांची आहे. ते काय करतील मला माहीत नाही."

दादा हसला, पण ते हसणं काही खरं नव्हतं. "बाबांना वाईट माणूस करशील तू. गावभर."

"मी चांगला-वाईट लिहीत नाही. काय केलं ते लिहिते."

"मुलगी आहेस तू त्यांची. तुझी फी कुठून आली? माझी बॅटरी आणि त्यांचं दार, त्यातूनच ना?"

"हो. तेही लिहीन."

रंगमंचावर मी पुष्कळ भांडणं केली, ताटं फेकली, केस सोडले. पण असं भांडण मला कुणी शिकवलं नव्हतं, जिथे दोघंही आवाज चढवत नाहीत आणि मधे बटाटे गार होतात.

"आण ते कार्ड," दादा म्हणाला. त्यानं सही केली, वळणदार, शाळेत शिकवलेली. पेन टोपण लावून परत दिलं. "पण मग मी इथे नाही राहणार. रागानं नाही सांगत. मला रोज सकाळी तुझ्यासमोर बसून जेवता येणार नाही. पोरगी कधीची बोलावतेय, तिच्याकडे जातो."

"कधी?"

"समारंभ होऊ दे. आधी गेलो तर लोक विचारतील."

ताई "बरं" म्हणाली. मला तिला हलवावंसं वाटलं. पण मीच ती भुकटी सांडली होती.

समारंभ दुपारी चारला होता. नाट्यगृहात आता संगणकाच्या परीक्षा होतात, कधी लग्नं. सज्जात मोडक्या खुर्च्या रचून ठेवल्यात. दादा आला नाही. ताईनं पंधरा मिनिटं वाचलं. कार्डावरचंच वाचलं, कुठे एक शब्द चढवला नाही. दार एक होतं, पण आत गेल्यावर माणसं वेगळी होत होती, ती कशी होत होती, कोण करत होतं, तो माझा बाप होता, आणि हे मला दिसायला हवं होतं ते दिसलं नाही, ती चूक माझी. साक्षी दोन. मी पहिल्या रांगेत बसले होते. आता कुणीतरी उठेल, ओरडेल, खुर्ची आपटेल. आम्ही नाटकवाली माणसं, आम्हाला शांततेची भीती वाटते.

टाळ्या पडल्या. जेवढ्या पडायच्या तेवढ्याच. अध्यक्ष उठून म्हणाले, "ताईंनी फारच छान माहिती दिली. आपल्या नाट्यगृहाचा इतिहास किती समृद्ध आहे हे कळलं. चहाची व्यवस्था बाहेर केली आहे." पाटीबद्दल कुणी विचारलं नाही. बाहेर जाताना एक गृहस्थ तिच्या खालीच उभे राहून बिस्कीट खात होते.

चहाच्या रांगेत एक काळी म्हातारी ताईजवळ आली. नदीपलीकडची, जन्मभर लोकांच्या कपड्यांना इस्त्री केलेली, हात अजून भाजल्याच्या डागांनी भरलेले. आपली ओळख तिनं कामानंच करून दिली.

"तुमच्या वडिलांचा कोट मी करायची," ती म्हणाली. "कॉलरला जास्त खळ लागायची त्यांना."

"तुम्ही वर बसायचा?"

"बसायचे की. खांबामागे. अर्धी राणी दिसायची." तिनं माझ्याकडे बघून मान हलवली. "आवाज मात्र पोचायचा हं तुमचा."

"पहिल्या अंकातच मरायची मी," मी म्हणाले.

"हो ना. पैसे वाया."

ताईनं पर्स उघडून कार्ड काढलं. "मी पुस्तक लिहिलं तेव्हा एकशे बारा लोकांना भेटले होते. तुमच्याकडे आले नाही."

"नाही आलात."

"का आले नाही ते मी आठवायचा प्रयत्न करतेय."

"आठवेल," म्हातारी म्हणाली. "घाई काय आहे? लिहा तुम्ही. मी सांगते." आणि तिथेच, कागदी कप हातात धरून, उभ्या उभ्या तिनं सांगायला सुरुवात केली. कोणत्या पायरीवरचा दिवा गेलेला असायचा, पावसात कुठे गळायचं, मध्यंतरात पाणी प्यायला कुठून खाली उतरायला लागायचं. ताई लिहीत होती. दोन कार्डं भरली, तिसरं काढलं. हॉलमधल्या खुर्च्या उचलायला लागले तेव्हा आम्ही निघालो.

चौथ्या दिवशी दादा गेला. त्याच्या शर्टांच्या घड्या ताईनंच केल्या. भिंतीवरचा फोटो त्यानं काढला नाही आणि तिनंही विचारलं नाही. बसस्थानकापर्यंत मी बरोबर गेले, कारण दोघंही मला "तू येतेस ना" म्हणाले, वेगवेगळे, एकमेकांना न कळवता. बाकावर मला मधे बसवलं. अर्धा तास मी एकटीच बोलत होते. जुन्या दौऱ्यातल्या गमती सांगितल्या, तो जिथे हसायचा तिथे हसला, तीही हसली.

बस लागली. त्याला वर चढवताना कंडक्टर म्हणाला, "आजोबा, सावकाश," आणि ताईनं मागून त्याचा गुडघा धरून पायरीवर ठेवला. खिडकीशी बसल्यावर त्यानं काच सरकवली.

"तुझ्या प्रेशरच्या गोळ्या संपत आल्यात," तो म्हणाला. "पाच उरल्यात."

"आणते."

"आजच आण. उद्या दुकान बंद असतं."

"बरं."

"लिहिलंस का सगळं?"

"लिहिलं. छापायला गेलं."

त्यानं मान हलवली. काच परत ओढून घेतली, ती अर्ध्यातच अडकली, म्हणून तशीच ठेवली. बस निघाली. तिनं हात केला नाही, त्यानंही केला नाही. कोपऱ्यावर वळेपर्यंत आम्ही उभ्या होतो, नंतरही थोडा वेळ उभ्याच होतो, कारण कुणी आधी निघायचं ते ठरत नव्हतं.

मग आम्ही औषधांच्या दुकानात गेलो. गोळ्या घेतल्या. ताई म्हणाली, "मावशी, मला दोघांचंच रांधायची सवय आहे. जेवायलाच चल."

मी गेले. आता रोजच जाते.